पक्ष, साध्य आणि औटकी

सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी 'शाळेच्या आठवणी' लिहून पाठवा, असा संपादक मंडळाचा निरोप आला. सहली, डबे, स्नेहसंमेलनातली फजिती यांवर बाकीचे लिहितीलच, आणि माझ्यापेक्षा बरे लिहितील. माझी नोकरी जमीन मोजणीच्या खात्यात झाली. शाळेत शिकलेले गणिताचे शब्द मला रोज बांधावर उभे राहून वापरावे लागले. निवृत्तीनंतर हे शब्द आले कुठून, ते शोधण्याचा नाद लागला. म्हणून आठवणींऐवजी त्या शब्दांचा थोडा इतिहास लिहितो. तोही आपल्या वर्गाचाच आहे.

आपण १९७५ चे, म्हणजे दहावीच्या पहिल्या परीक्षेचे विद्यार्थी. वरच्या वर्गातले जुन्या अकरावीचे, आपण नव्या दहावीचे, आणि एकाच वर्षी दोघांची शालान्त परीक्षा. अभ्यासक्रमही नवा. संच, उपसंच, रिक्त संच हे शब्द आपल्याच काळात पुस्तकात आले, तेव्हा वडीलधारी मंडळी वही उलटसुलट करून पाहत आणि 'यात गणित कुठे आहे?' असे विचारत. बाकीचे शब्द मात्र फार जुने होते. ते जुने आहेत एवढेसुद्धा आपल्याला कोणी सांगितले नव्हते. पाठ करायचे आणि पेपरात लिहायचे, एवढेच आपले त्यांच्याशी नाते.

याला एक अपवाद होता. लसावि आणि मसाविमधल्या दोन 'वि'चा घोळ सातवीत बाईंनी एका मिनिटात मिटवला होता. फळ्यावर त्यांनी चार शब्द लिहिले : पूज्य, पूजक, विभाज्य, विभाजक. ज्याची पूजा होते तो पूज्य, करतो तो पूजक. ज्याला भाग जातो तो विभाज्य, भाग देतो तो विभाजक. मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणाले, "बाई, पूज्य तर मला परीक्षेत मिळाले." बाईसुद्धा हसल्या. शून्याला पूज्य का म्हणतात हा प्रश्न त्या दिवशी राहूनच गेला, पण लसावि-मसाविचा गोंधळ आपल्या वर्गात पुन्हा कोणाचा झाला नाही. शब्द फोडून दाखवला की काय होते, हे मी तिथे पाहिले. पुढे भूमितीत मात्र वर्तुळाचा कंस आणि त्रिकोणाचा कर्ण भेटले, तेव्हा एक भागवतातला आणि एक भारतातला असे म्हणून आपण मोकळे झालो.

नववीची सहल आठवते ना? चाळीसगावजवळ पाटणादेवी. धबधबा, माकडे आणि भाकरीचे गाठोडे सगळ्यांना आठवत असेल. तिथल्या शिलालेखासमोर आपल्याला दोन मिनिटे उभे केले होते, ते क्वचितच कोणाच्या लक्षात असेल. तो लेख १२०७ च्या सुमाराचा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे मठ स्थापन केला, त्याची ही नोंद. एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी हा लेख अभ्यासकांपुढे आणला. मला त्यातली एक गोष्ट फार आवडते. घराण्याची थोरवी संस्कृतात कोरली आहे, आणि मठाला कोणी काय द्यायचे तो व्यवहार शेवटी मराठीत. कौतुक एका भाषेत आणि देणेघेणे दुसऱ्या भाषेत, ही आपली वहिवाट आठशे वर्षांची आहे तर!

भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, म्हणजे ११५० मध्ये, त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' लिहिला. त्याचा पहिला भाग 'लीलावती'. नावावरून काव्य वाटते, पण मंगलाचरण होताच कोष्टके सुरू होतात. वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म, सोळा द्रम्मांचा निष्क. लांबीसाठी आठ जवांचे अंगुल, चोवीस अंगुलांचा हात, चार हातांचा दंड. आपल्या चौथीच्या पुस्तकाच्या मलपृष्ठावर जे असे तेच. आधी माप, मग गणित. त्रैराशिकातल्या तीन राशींना त्यांनी दिलेली नावे पाहा : प्रमाण, फल आणि इच्छा. पाच आंबे हे प्रमाण, त्यांची किंमत हे फल, आणि मला किती आंबे हवेत ती माझी इच्छा. आपल्याला 'एकमान पद्धत' शिकवली तेव्हा ही इच्छा गळून पडली. उत्तर तेच येते, पण गणितात माणूस उरत नाही.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. आपल्या वर्गातला एक जण. नाव लिहीत नाही, सगळे ओळखतील. भूमितीत त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. सर रायडर घालत आणि तो खडू घेऊन फळ्याकडे निघे. दहावीनंतर तो शहरात विज्ञान शाखेला गेला. कनिष्ठ महाविद्यालय हा प्रकारही त्याच वर्षी सुरू झालेला. तिथे शिकवणे इंग्रजीतून. दीड-दोन महिन्यांत तो परत आला. घरच्यांनी समजावले, सरही त्याच्या घरी जाऊन आले. तो एवढेच म्हणत होता, "त्रिकोण तोच असतो, पण त्याच्यातले कोणी ओळखीचे नसते." हायपोटेन्यूज म्हणजे आपला कर्ण आणि कोरोलरी म्हणजे आपले उपप्रमेय, हे त्याला सांगणारे तिथे कोणी नव्हते. आणि ज्यांच्यामधून त्याला वाट काढायची होती ते प्रश्न विचारायलाही शब्द लागत, तेच अडले होते. पुढे त्याने वडिलांचा सुतारकामाचा धंदा मोठा केला, आज त्याच्या कारखान्यात माणसे कामाला आहेत. तक्रार त्याने कधी केली नाही. तक्रार माझी आहे, आणि ती कुठल्या कॉलेजावर नाही. शब्दांच्या दोन गावांमधला रस्ता कोणी बांधलाच नव्हता, ही आहे.

कारण रस्ता होता. त्याच्यापुढे सर्वांत अडलेला शब्द 'साइन'. तो शब्द निघाला आपल्याकडूनच. धनुष्याच्या काठीला चाप म्हणतात आणि दोरीला ज्या किंवा जीवा. वर्तुळाचा तुकडा धनुष्यासारखा दिसतो, म्हणून त्याला जोडणारी सरळ रेषा ती जीवा. हा शब्द आपण नववीत शिकलो. ज्योतिषाच्या गणितात अर्ध्या जीवेचे काम जास्त पडते, म्हणून आर्यभटाच्या काळापासून, म्हणजे इ. स. ४९९ च्या सुमारापासून, अर्धज्येची कोष्टके आहेत, आणि बोलताना 'अर्ध' गाळून नुसते 'ज्या' म्हणत. बगदादच्या पंडितांनी जीवा हा शब्द जसाच्या तसा 'जीबा' म्हणून घेतला. अरबी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत, ते वाचणाऱ्याच्या समजुतीवर सुटतात. पुढच्या वाचकांनी अर्थ नसलेल्या जीबाऐवजी ओळखीचा 'जैब' वाचला. जैब म्हणजे कपड्याची घडी, कुशी. हिंदीतली जेब ही त्याचीच लेक. बाराव्या शतकात लॅटिनमध्ये भाषांतर झाले तेव्हा घडीला 'सायनस' हा शब्द घातला, आणि त्याचा झाला साइन. म्हणजे धनुष्याची दोरी निघाली, वाटेत खिशात पडली, आणि आठ-नऊशे वर्षांनी परकी पाहुणी म्हणून आपल्या मित्रापुढे उभी राहिली. जीवा त्याला पाठ होती. साइनला तो घाबरला. दोन्ही एकच असल्याचे त्या शहरात कोणी सांगितले असते, तर पुढचे काय झाले असते ते मी सांगू शकत नाही. पण तो निदान दिवाळीपर्यंत टिकला असता असे मला वाटते.

'त्रिज्या' हा शब्दही याच घरातला. वर्तुळाच्या बारा राशी, एकेक तीस अंशांची. तीन राशींची ज्या, म्हणजे नव्वद अंशांची ज्या, नेमकी केंद्रापासून परिघापर्यंतच्या रेषेएवढी भरते. तीन राशींची ज्या ती त्रिज्या. मी ती आयुष्यभर 'रेडियस' या अर्थाने लिहिली, आतला 'त्रि' कसला ते साठी उलटल्यावर कळले. आणि उलट दिशेनेही माल आलेला आहे. 'केंद्र' हा शब्द ग्रीक 'केंत्रोन'वरून संस्कृतात आला. आज केंद्र सरकार म्हणताना कोणाला ग्रीस आठवत नाही. तेव्हा आमचे ते सगळे जुने आणि थोर, असा पवित्रा घेण्यात अर्थ नाही. शब्द दोन्ही बाजूंनी चालत आले आहेत.

भूमितीचे शब्द मात्र निराळ्या वाटेने आले. युक्लिडची भूमिती संस्कृतात आणली जयपूरच्या सवाई जयसिंगाच्या पदरी असलेल्या जगन्नाथ सम्राटाने, अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात. ग्रंथाचे नाव 'रेखागणित', मूळ हाताशी होते ते अरबी. पंधरा अध्याय आणि ४७८ शकले आहेत, असे तो सुरुवातीलाच सांगतो. अरबीत 'शक्ल' म्हणजे आकृती. संस्कृतात शकल म्हणजे तुकडा. पंडिताने दोन्ही अर्थ एका शब्दात बसवले. मुंबईत शाळांसाठी मराठी पुस्तके तयार होऊ लागली ती १८२२ नंतर, नेटिव्ह स्कूल बुक सोसायटीच्या काळात. जॉर्ज जर्व्हिस हा लष्करी इंजिनिअर आणि त्याच्या हाताखालचे शास्त्री यांनी इंग्रजी गणित मराठीत उतरवले. पुढे बाळशास्त्री जांभेकरांनी कलनशास्त्रावर पुस्तक लिहिले आणि त्या शास्त्राला नाव दिले 'शून्यलब्धि'. शून्याच्या जवळ जाऊन जे हाती लागते ते! त्याजागी आज 'विकलन' आहे. शब्द बरोबर आहे, पण शून्यलब्धि ऐकताच काय चालले आहे ते दिसते.

या शास्त्री मंडळींना सिद्धतेची भाषा घडवायची होती, आणि ती त्यांच्या घरातच होती, न्यायशास्त्रात. आपण वहीत समासाच्या शेजारी लिहीत असू : पक्ष, साध्य, रचना, सिद्धता. यांतले पहिले दोन शब्द नैयायिकांच्या प्रसिद्ध डोंगरावरून आलेले आहेत. डोंगरावर धूर दिसतो, म्हणून तिथे अग्नी आहे. यात डोंगर हा पक्ष, अग्नी हे साध्य, धूर हा हेतू. भूमितीत येताना पक्षाचा अर्थ थोडा सरकला आणि 'जे दिलेले आहे ते' असा झाला. 'प्रमेय' शब्दही तिथलाच, ज्याचे ज्ञान करून घ्यायचे ते. आणि सगळ्यांना छळणारा 'व्यत्यास'! जिथे धूर तिथे अग्नी, हे खरे. उलट करून जिथे अग्नी तिथे धूर, हे खरे का? नैयायिक सांगतात, तापून लाल झालेला लोखंडाचा गोळा पाहा. अग्नी आहे, धूर नाही. एवढा एक गोळा फळ्यावर काढला असता, तर 'व्यत्यास वेगळा का सिद्ध करायचा, प्रमेय झालेच ना' हा दरवर्षीचा प्रश्न कोणी विचारला नसता.

मागच्या वर्षी मी आपल्या सुतार मित्राच्या कारखान्यात गेलो होतो. एका मोठ्या चौकटीचा कोपरा तो तपासत होता. एका बाजूवर तीन फुटांची खूण, दुसरीवर चार फुटांची, आणि तिरके माप बरोबर पाच फूट. मी म्हटले, हा पायथागोरस. तो म्हणाला, "पायथागोरस नव्हे, त्याचा व्यत्यास. काटकोन आहे हे मला दिलेले नाही, तेच साध्य आहे." पन्नास वर्षांनी! मी काही बोललोच नाही. मग त्याने हातातला गुण्या पुढे केला. आपल्या कंपासपेटीत प्लॅस्टिकचे दोन होते, त्याचा लोखंडी. मी त्याला सांगितले की हा शब्द फारसीतून आला आणि त्याच्या आधी ग्रीकमधून, कोनाला ग्रीक भाषेत 'गोनिया' म्हणतात. गुण्या हातात फिरवून पाहत तो म्हणाला, "म्हणजे हाही बाहेरगावचाच." आणि पुढच्या कोपऱ्याकडे वळला.

मोजमापाकडे येतो, कारण माझी भाकरी त्यावर झाली. आपल्यापैकी किती जणांना पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी येत होती? माझ्या आजीला सगळी येत, आणि तिला लिहिता येत नव्हते. औट म्हणजे साडेतीन. हा शब्द 'अर्धचतुर्थ'वरून झिजून झाला, म्हणजे चौथा अर्धाच. तसाच अडीच 'अर्धतृतीय'वरून, तिसरा अर्धा. दीड म्हणजे दुसरा अर्धा. पाऊण म्हणजे पाद उणा, सव्वा म्हणजे पादासह. किती पूर्ण झाले हे हे शब्द सांगत नाहीत, पुढचा किती भरला ते सांगतात. पायली भरताना माणूस तेच तर पाहत असतो. चार चिपट्यांचा शेर, चार शेरांची पायली, हे बहुतेक ठिकाणी चाले. किती पायल्यांचा मण, हे मात्र गावाला विचारावे लागे. वीस मणांची खंडी. रुईच्या बाजारात आजही भाव खंडीवर निघतो, आणि ती खंडी ७८४ पौंडांची, म्हणजे सुमारे ३५६ किलोंची. माप गेले तरी नाव बाजार सोडत नाही.

१ एप्रिल १९५७ ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. त्याआधी सोळा आणे, चौसष्ट पैसे, एकशे ब्याण्णव पया. वजनमापांचा कायदा १९५६ चा. आपण शाळेत गेलो तेव्हा किलो-हेक्टो-डेका ही माळ आली होती, पण घरात पावशेर आणि छटाकच होते. मी खात्यात लागलो तेव्हा मीटरची साखळी होती, पण जुने नकाशे वाचायला ३३ फुटी साखळी समजावी लागे. त्या साखळीचे सोळा भाग, त्यांना म्हणायचे आणे. साखळी लांब आणि साखळी रुंद तो गुंठा, चाळीस गुंठ्यांचा एकर. रुपयाचे आणे नाण्यांतून गेले, पण जमिनीत ते आणखी बरीच वर्षे पुरलेले होते.

शब्द नीट न कळल्याची किंमत मी तिथे पाहिली. दोन भाऊ, थोरला गावी, धाकटा मुंबईत. सातबाऱ्यावर शून्य हेक्टर चाळीस आर. वडिलांच्या वेळी म्हणत एक एकर, चाळीस गुंठे. थोरल्याच्या लेखी चाळीसचे चाळीस, सगळे ठीक. धाकट्याला कोणीतरी सांगितले की एकराचे आर चाळीस नव्हे, चाळीस पूर्णांक सत्तेचाळीस शतांश होतात. खरेच होतात. एक आर म्हणजे १०० चौरस मीटर, गुंठा म्हणजे १०१ चौरस मीटरांहून किंचित जास्त. फरक साऱ्या एकरात ४७ चौरस मीटर, अर्धा गुंठाही नाही. रूपांतर करताना आकडा पूर्णांकात लिहिला गेला होता, एवढेच. पण थोरल्याने बांध सरकवला असे धाकट्याने धरले, आणि दोघे तीन वर्षे एकमेकांच्या दारात गेले नव्हते. मी मोजणी केली. बांध जागेवर होता, जमीन जेवढी होती तेवढी होती. गुंठा आणि आर शेजारी आहेत, सख्खे भाऊ नाहीत, हे बांधावर बसून समजावायला मोजणीपेक्षा जास्त वेळ लागला. धाकट्याने पटले असे तोंडाने म्हटले नाही. संध्याकाळी तो थोरल्याकडे जेवायला थांबला, हे मला कोतवालाने दुसऱ्या दिवशी सांगितले.

आता पुष्कळ मराठी शाळांत गणित सेमी-इंग्रजीतून आहे. मराठी पुस्तकांतही मराठी शब्दाशेजारी इंग्रजी शब्द छापलेला असतो, आणि हे मला फार चांगले वाटते. आपल्या मित्राला तेव्हा नेमके तेवढेच हवे होते. २०१९ साली दुसरीच्या पुस्तकात तेवीसला 'वीस तीन' असे वाचण्याची पद्धत आली तेव्हा केवढा गदारोळ झाला! मला दोन्ही बाजू कळतात. त्र्याण्णव, त्रेसष्ट, एकोणनव्वद ही लहान जिभेची परीक्षाच आहे. पण एकोणनव्वदमध्ये नव्वदला एक कमी असल्याची खूण आहे, हे एकदा दाखवून मग काय ते ठरवावे. आणि नव्याण्णव मात्र एकोणशंभर का नाही, हे मला विचारू नका.

माझी नात सेमी-इंग्रजीत नववीला आहे. मागच्या महिन्यात तिने विचारले, "आजोबा, सर्ड म्हणजे काय?" मी सांगितले, बहिरा. अरबी लेखकांनी वर्गमूळ नेमके न निघणाऱ्या संख्येला बहिरी म्हटले, लॅटिनने तोच अर्थ उचलला. तिला मजा वाटली. "मग मराठीत?" मी म्हटले, करणी. यज्ञवेदी आखताना दोरीने चौरस काढीत, तो चौरस 'करणारी' दोरी ती करणी. दुप्पट क्षेत्राचा चौरस करते ती द्विकरणी, म्हणजे दोनचे वर्गमूळ. ती ओरडत आत गेली, "आजी, आज मी करणी शिकले!" स्वयंपाकघरातून उत्तर आले, "तिन्हीसांजेला असले काही बोलू नये."